जाड्या-रड्या आणि पडण्याचा आवाज

1929 च्या मे महिन्यात अमेरिकेत वीसेक मिनिटांचा एक विनोदी चित्रपट लागला, 'अनअकस्टम्ड ॲज वी आर'. लॉरेल आणि हार्डी या जोडीचा हा पहिला बोलपट. त्याच्या शेवटी स्टॅन लॉरेल निरोप घेऊन बाहेर पडतो आणि जिन्यावरून गडगडत खाली जातो. पण ते पडणं आपल्याला दिसतच नाही. ऐकू येते ती नुसती धडधड, आणि समोर असतो ती ऐकणारा ऑलिव्हर हार्डी.

आज यात काही नवल वाटणार नाही. पण हीच गंमत दोन वर्षांपूर्वीच्या मूकपटात करायची म्हटली असती, तर जिना दाखवावा लागला असता, तोल जाताना दाखवावा लागला असता, पायरी-पायरीवर आपटणारा माणूस दाखवावा लागला असता. मूकपटात जे दिसलं नाही ते घडलंच नाही. आवाज आल्यावर पहिल्यांदाच पडणं लपवता आलं, आणि ते लपवल्यामुळे जास्त हसू येतं हे काही हुशार माणसांच्या लगेच लक्षात आलं. बोलपटाच्या सुरुवातीच्या काळातले हे छोटे विनोदी चित्रपट समजून घ्यायचे असतील, तर माझ्या मते एवढं एक सूत्र हाती धरावं.

आधी 'स्लॅपस्टिक' या शब्दाकडे बघू. पडणं, धडकणं, आपटणं, तोंडावर केक बसणं, शिडी फिरवताना मागच्याच्या डोक्यात घालणं, अशा अंगाच्या विनोदाला स्लॅपस्टिक म्हणतात. हा शब्द मात्र एका वस्तूचं नाव आहे. इटलीतल्या जुन्या फिरत्या नाटकमंडळ्यांमध्ये विदूषकाच्या हातात दोन पातळ फळ्या जोडलेली काठी असे. ती कोणाला मारली की फळ्या एकमेकींवर आपटून फाड्‌कन आवाज येई, पण लागायचं अगदी थोडं. म्हणजे चिपळ्यांच्या जातीचीच वस्तू म्हणायची, फक्त भजनाऐवजी मारामारीसाठी. तेव्हा या विनोदाचं नावच मुळात आवाजावरून पडलेलं आहे. मूकपटाची तीसेक वर्षं तो आवाजाविना जगला. बोलपट आला आणि हरवलेली काठी त्याला परत मिळाली. बोलपटाने स्लॅपस्टिकचा जीव घेतला असं सरसकट लिहिलं जातं. ते मला पटत नाही, ते का हे पुढे येईलच.

या चित्रपटांचा आकार ठरलेला होता. 35 मिलिमीटरच्या फिल्मचं एक रीळ साधारण हजार फुटांचं. बोलपटाच्या वेगाने ते अकरा मिनिटांच्या आसपास चालतं. विनोदी चित्रपट बहुतेक दोन रिळांचे, म्हणजे वीस मिनिटांचे. तेव्हा तिकीट काढून प्रेक्षक एकच चित्रपट बघायला जात नसे. बातमीपट, कार्टून, दोन रिळांचा विनोद आणि मग मुख्य चित्रपट, असं भरगच्च ताट असायचं. मुख्य चित्रपट पडला तरी लोक लॉरेल-हार्डीसाठी येत.

आता आवाज आला म्हणजे नेमकं काय बदललं? पहिला बदल वेगाचा. मूकपटाचा कॅमेरा हाताने फिरवायचा असे. कॅमेरामन हँडल जरा सावकाश फिरवायचा, सेकंदाला कमी चित्रं घ्यायचा आणि थिएटरात तीच फिल्म जोरात चालवली जायची. त्यामुळे पोलीस तुरुतुरु पळायचे, मोटारी भन्नाट सुटायच्या, माणूस आपटून चेंडूसारखा उसळायचा. जुन्या मूकपटांतली ती लगबग बरीचशी हँडलाची करामत होती. आवाजाला असली लवचीकता चालत नाही. मोबाईलवर कोणाचा व्हॉइस मेसेज दीडपट वेगाने ऐकला की तो मुद्दाम दुरुस्त केलेला असूनही थोडा विचित्र लागतो. त्या काळच्या यंत्रात तर वेग बदलला की आवाजाची पट्टीच बदलायची, माणूस चिमणीसारखा चिवचिवायचा. म्हणून वेग कायमचा ठरवून टाकला: सेकंदाला 24 चित्रं. बोलता बोलता पडणाऱ्या नटाला आता खऱ्या वेगाने, खऱ्या वजनाने पडणं भाग होतं.

दुसरा बदल कॅमेऱ्याचा. कॅमेऱ्याची घरघर मायक्रोफोन पकडायचा, म्हणून सुरुवातीला कॅमेरा आणि कॅमेरामन दोघांनाही आवाजबंद खोलीवजा खोक्यात कोंडून काचेतून चित्रीकरण व्हायचं. काल-परवापर्यंत चालत्या मोटारीवर बांधला जाणारा कॅमेरा एका जागी खिळला. नटही खिळले, कारण मायक्रोफोनपासून लांब गेलं की शब्द ऐकू येईना. 1929-30 चे पुष्कळ विनोदपट आज कंटाळवाणे वाटतात त्याचं कारण इथे आहे. माणसं ओळीत उभी राहून बोलताहेत, आणि सगळ्यांचं लक्ष कुठेतरी लपवलेल्या मायक्रोफोनकडे आहे हे आपल्याला जाणवत राहतं. ही कोंडी वर्षा-दोन वर्षांत सुटली. कॅमेऱ्यावर आवाज अडवणारं कवच चढलं, मायक्रोफोन लांब काठीला टांगून नटांच्या डोक्यावरून फिरू लागला. नंतर चित्रीकरण झाल्यावर वेगळे आवाज मिसळायची सोयही सुधारली. या तिसऱ्या सोयीला मी सगळ्यात जास्त महत्त्व देईन, कारण त्यामुळे खोटा आवाज लावता येऊ लागला. त्याची गोष्ट पुढे.

या बदलात टिकलं कोण? लॉरेल-हार्डी टिकले, आणि टिकले म्हणण्यापेक्षा आणखी मोठे झाले. त्यांची मूकपटातली चालच संथ होती. हँडलाच्या करामतीवर त्यांचं पोट नव्हतं, त्यामुळे 24 चित्रांचा नियम त्यांना जाचला नाही. स्टॅन लॉरेल इंग्लंडमधला, अल्व्हरस्टन गावचा. फ्रेड कार्नोच्या नाटकमंडळीत तो चॅप्लिनचा बदली नट होता. ऑलिव्हर हार्डी अमेरिकेच्या दक्षिणेतल्या जॉर्जिया राज्यातला, चांगला गाणारा. दोघांचे आवाज अंगावर बेतून शिवल्यासारखे निघाले. हार्डीची खानदानी, घोळून घोळून बोलण्याची लकब, आणि लॉरेलचा पडेल, गोंधळलेला स्वर. आपल्याकडे जुन्या पिढीने या जोडीला 'जाड्या-रड्या' असं नाव दिलं. मला ते इंग्रजी नावापेक्षा सरस वाटतं. जाड्या तर पोस्टर बघूनही सुचेल. रड्या म्हणायला मात्र लॉरेलचं ते केस विस्कटत, तोंड वेडंवाकडं करत बारीक आवाजात रडणं कानांनी ऐकलेलं असावं लागतं.

त्यांच्या चित्रपटांतल्या थांब्यांबद्दल थोडं सविस्तर सांगतो, कारण नव्या प्रेक्षकाला तिथेच अडचण येते. काहीतरी आपटतं, हार्डी हळूच मान वळवतो आणि थेट आपल्याकडे, म्हणजे कॅमेऱ्याकडे बघत राहतो. एक सेकंद, दोन सेकंद, तीन. घरी एकट्याने बघताना वाटतं, अरे, पुढे सरका ना. पण हा थांबा मोजूनमापून ठेवलेला आहे. मूकपटात लोक कितीही हसले तरी काही बुडत नसे. बोलपटात पहिल्या हशात पुढचं वाक्य बुडायचं. म्हणून या जोडीचे निर्माते हॅल रोच यांच्या स्टुडिओत चित्रपट आधी खऱ्या प्रेक्षकांना दाखवून बघत. हसू कुठे येतं, किती वेळ टिकतं याचा अंदाज घेत आणि त्याप्रमाणे काटछाट करत. हार्डीचं ते बघणं म्हणजे थिएटरातल्या हशासाठी राखून ठेवलेली जागा आहे. नाटकात मुरलेला नट हशा ओसरेपर्यंत वाक्य धरून ठेवतो, तसंच. फरक इतकाच की इथे नटाला समोरचा प्रेक्षक दिसत नव्हता, सगळं आधीच ठरवून फिल्मवर उतरवायचं होतं.

आवाजाने आणखी एक पंचाईत केली होती. मूकपटाच्या पाट्या बदलल्या की तो जगभर चालायचा. बोलपटाला भाषा चिकटली, आणि संवाद दुसऱ्या भाषेत घालायचं तंत्र तेव्हा कच्चं होतं. मग रोच यांनी तोच चित्रपट पुन्हा स्पॅनिशमध्ये, कधी फ्रेंच, जर्मन, इटालियनमध्ये चित्रित केला. लॉरेल आणि हार्डीला यातली एकही भाषा येत नव्हती. उच्चार फळ्यावर लिहून फळा कॅमेऱ्याशेजारी धरायचे आणि हे दोघे वाचून म्हणायचे. भाषेच्या पेचावर आपल्याकडेही हाच तोडगा निघाला. 1932 मध्ये प्रभातने 'अयोध्येचा राजा' मराठी आणि हिंदी असा दोनदा चित्रित केला. परदेशी प्रेक्षकांना या जोडीचे वेडेवाकडे उच्चार भलतेच आवडले. इटलीत तर पुढे दुसऱ्या नटांचे आवाज घालायला लागले तेव्हाही मुद्दाम इंग्रजी वळणाचं इटालियन ठेवलं गेलं. तिथे हार्डीचा आवाज बरीच वर्षं आल्बेर्तो सोर्दी देत असे, जो पुढे इटलीचा फार मोठा नट झाला.

आता 'द म्युझिक बॉक्स'. 1932 चा, नेहमीच्या दोनऐवजी तीन रिळांचा, दिग्दर्शक जेम्स पॅरट. त्या वर्षी विनोदी लघुपटासाठी ऑस्कर पहिल्यांदाच दिलं गेलं, ते याला मिळालं. गोष्ट एका ओळीची: दोघांना खोक्यात बंद केलेला पियानो एका घरी पोचवायचा आहे, आणि घर एका लांबलचक जिन्याच्या टोकाला आहे. तो जिना आजही लॉस एंजेलिसच्या सिल्व्हर लेक भागात आहे, 133 पायऱ्यांचा. याच जिन्यावर जोडीने 1927 मध्ये 'हॅट्स ऑफ' हा मूकपट केला होता. त्यात पियानोऐवजी कपडे धुवायचं यंत्र होतं. तो मूकपट आता कुठेच सापडत नाही, त्यामुळे दोन्ही शेजारी ठेवून बघता येत नाहीत. पण यंत्राच्या जागी पियानो का आला असेल हे 'द म्युझिक बॉक्स' ऐकताना आपोआप कळतं.

खोक्यात पियानो आहे, तो आपल्याला दिसत नाही. पण खोकं पायरीवर टेकलं की आतून तारा झणझणतात. जरा कलंडलं की पुन्हा झण्ण. आणि हातातून सुटून खाली निघालं की प्रत्येक पायरीला एक दणका आणि एक झणत्कार, दणका आणि झणत्कार, लांब लांब जात शेवटी रस्त्यावर एक मोठा खण्ण. कपडे धुवायचं यंत्र पडलं तर फार तर खडखडेल. पियानो पडतो तेव्हा विव्हळतो. लाकडी खोकं त्या आवाजामुळे जिवंत होतं, तिसरं पात्र होतं.

मागे एकदा मी हा चित्रपट भाच्याला दाखवत होतो. आई स्वयंपाकघरात पोळ्या करत होती, तिला पडदा दिसत नव्हता. चित्रपट तिने कधी पाहिलेला नव्हता, इंग्रजी संवादांशी तिचं देणंघेणं नव्हतं. दहा मिनिटांनी आतून आवाज आला, "पुन्हा खाली आला वाटतं!" आणि ती हसत होती. पुढच्या वेळी खोकं वर चढायला लागलं तेव्हा लाटणं थांबल्याचंही मला जाणवलं. ती कान देऊन वाट बघत होती.

जिन्यात खोकं आडवं येतं म्हणून एक प्रोफेसर भडकतो. नाव लांबलचक, थिओडोर फॉन श्वार्झेनहॉफेन, आणि नावापुढे पदव्यांची रांग. बाजूने जा म्हटलं तर त्याचा अपमान होतो. बिली गिल्बर्टने हा माणूस नुसत्या आरडाओरड्यावर उभा केला आहे, मूकपटात तो अर्धासुद्धा उरला नसता. पियानो वर पोचल्यावर पोस्टमन सांगतो की घराकडे यायला मागून रस्ता आहे, गाडी थेट दारात येते. आणि हे दोघे काय करतात? पियानो पुन्हा सगळ्या पायऱ्या उतरवून खाली नेतात, गाडीत घालतात आणि रस्त्याने वर आणतात. पुढे कळतं की घर त्याच प्रोफेसरचं आहे, आणि पियानोचा त्याला मनस्वी तिटकारा आहे. तो कुऱ्हाड घेऊन पियानो फोडायला लागतो. मध्येच पियानो आपोआप राष्ट्रगीत वाजवू लागतो. कुऱ्हाड थांबते, सगळे ताठ उभे राहून सलामी देतात. सूर संपले की कुऱ्हाड पुन्हा सुरू. आवाजाशिवाय हा प्रसंग लिहिताच येणार नाही.

याच्या अगदी उलट वाट 'थ्री स्टूजेस'ची. मो, लॅरी आणि कर्ली हे त्रिकूट 1934 मध्ये कोलंबिया कंपनीत आलं, आणि पुढे माणसं बदलत 1959 पर्यंत त्यांचे 190 लघुपट आले. लॉरेल-हार्डी आपटणं लपवतात, हे तिघे एकमेकांना कॅमेऱ्यासमोर बदडतात. डोळ्यात बोटं, नाकाला चिमटा, डोक्यात हातोडा. आवाज बंद करून बघितलं तर अंगावर काटा येतो, हे मी करून पाहिलं आहे. आवाज चालू केला की तेच मुलांच्या खेळासारखं वाटतं. कारण डोळ्यात बोट गेलं की व्हायोलिनची तार छेडल्यासारखं टुंग होतं, पोटात गुद्दा बसला की ढोल घुमतो, कान पिरगळला की दातेरी चाक फिरवल्यासारखी करकर होते, थोबाडीत बसली की चाबूक कडाडतो. नंतर आवाज मिसळायची जी सोय वर सांगितली, तिचा हा उपयोग. आवाज आपल्याला सांगतो की हे शरीर हाडामांसाचं नाही, याला लागत नाही. विदूषकाच्या त्या दोन फळ्यांचं कामही हेच होतं.

मराठी वाचकाला हे समजावायला फार कष्ट नकोत. आपल्याकडे माणूस नुसता पडत नाही, तो धपकन, बदकन, दाणकन, धाडकन किंवा गडगडत पडतो, आणि किती लागलं ते त्या एका शब्दात कळतं. 'बदकन पडला' म्हटलं की आपण हसतो, 'धाडकन पडला' म्हटलं की उठून बघायला जातो. स्टूजेसचे तंत्रज्ञ प्रत्येक पडण्याला 'बदकन' लावत होते.

त्यांचा 1934 चा 'पंच ड्रंक्स' जरूर बघा. 'पॉप गोज द वीझल' हे बालगीत कानावर पडलं की कर्लीचं डोकं फिरतं आणि तो समोरच्याला लोळवतो. मो त्याला मुष्टियोद्धा करतो, लॅरीला व्हायोलिन घेऊन शेजारी बसवतो. ऐन लढतीत व्हायोलिन मोडतं. कर्ली मार खातोय आणि लॅरी गावभर ते गाणं शोधत पळतोय. शेवटी तो निवडणूक प्रचाराची भोंगेवाली गाडी घेऊन भिंत फोडून आत येतो. गोष्टीचा सगळा डोलारा एका सुरावर उभा आहे.

बाकीच्यांबद्दल थोडक्यात. विनोदी नट डब्ल्यू. सी. फील्ड्स यांचा 'द फेटल ग्लास ऑफ बीअर' 1933 चा. त्यात नायक दर वेळी दार उघडून हवामानाबद्दल तेच भारदस्त वाक्य म्हणतो आणि दर वेळी कोणीतरी त्याच्या तोंडावर मूठभर बर्फ मारतं. वाक्य आणि फटका यांची अशी जोडी मूकपटाला जमली नसती. थेल्मा टॉड आणि झासू पिट्स ही बायकांची जोडी रोच यांनी 1931 पासून उभी केली. तिची आठवण फार कमी काढली जाते याचं मला वाईट वाटतं. बस्टर कीटनचं तर दुःखच. मूकपटातला हा एवढा मोठा कलावंत, त्याचा आवाजही खर्जातला, चांगला. पण मोठ्या स्टुडिओत त्याच्या हातून कामाचा ताबा गेला, 1933 मध्ये नोकरीही गेली, आणि मग त्याने एज्युकेशनल या छोट्या कंपनीसाठी तुटपुंज्या खर्चात 16 लघुपट केले. त्यातला 1936 चा 'ग्रँड स्लॅम ऑपेरा' बघितला की कळतं, त्याला आवाजाने पाडलं नव्हतं.

हे लघुपट संपले ते वेगळ्याच कारणाने. मंदीच्या काळात थिएटरवाल्यांनी गर्दी खेचायला एका तिकिटात दोन मुख्य चित्रपट दाखवायला सुरुवात केली. ताटात दुसरा मोठा पदार्थ आला आणि वीस मिनिटांच्या वाटीला जागा उरली नाही. रोच यांनी 1935 मध्ये लॉरेल-हार्डीचे लघुपट थांबवून त्यांना पूर्ण लांबीच्या चित्रपटांकडे वळवलं. कोलंबियाने मात्र हट्टाने स्टूजेस चालू ठेवले, शेवटी शेवटी तर जुनीच दृश्यं पुन्हा जोडून. पुढे टीव्हीला वीस मिनिटांचा तयार माल हवा होता, तेव्हा हेच चित्रपट नव्या मुलांपुढे आले.

बघायला सुरुवात करायची तर 'द म्युझिक बॉक्स'पासून करा, मग 1933 चा 'बिझी बॉडीज' घ्या. तो लाकडाच्या कारखान्यात घडतो, संवाद अगदी कमी आणि करवतीचे, रंध्याचे आवाज भरपूर. नंतर 'पंच ड्रंक्स'. आणि शक्यतो एकट्याने, मोबाईलवर, कानात बोंडं घालून बघू नका. घरातली चार माणसं जमवा, जेवणं झाल्यावर मोठ्या पडद्यावर लावा. हार्डी मान वळवून तुमच्याकडे बघेल तेव्हा कोणीतरी हसत असेल, आणि तो थांबा मग लांब वाटणार नाही.